९-३ ने पुढे असून व्हॅलोरंटची मॅच हातची जाते, नेमकं चुकतंय कुठे?

वाळूचा_किल्ला

मंडळी, जरा मोठं लिहितोय पण वाचा प्लीज. मी व्हॅलोरंट (पाच विरुद्ध पाचचा शूटर गेम, अटॅकवाले स्पाइक म्हणजे बॉम्ब लावतात, डिफेन्सवाले अडवतात, १३ राउंड जिंकले की मॅच) बहुतेक वेळा एकटाच खेळतो, सोलो क्यू, ठरलेली पाच जणांची टीम वगैरे नाहीये. बरेच महिने गोल्ड रँकमध्येच अडकलोय. एम (नेम) वाईट नाहीये माझा, बऱ्याच मॅचला टीममध्ये सगळ्यात जास्त किल माझेच असतात, जेट किंवा रेना ही पुढे घुसणारी पात्रं घेतो. पण गेल्या पंधरा दिवसांत हे तिसऱ्यांदा झालं, पहिल्या हाफमध्ये आम्ही आरामात पुढे आणि साइड बदलली की सगळं कोसळतं.

कालची मॅच असेंट या मॅपवर होती. डिफेन्सला ९-३. एकजण तर म्हणाला पण की झालं, आता चारच राउंड हवेत. ११-१३ ने हरलो. शेवटचे पाच-सहा राउंड तर माइकवर कोणी बोलेनासंच झालं, दोघं एकमेकांवर चिडलेले, एक नुसता कोपऱ्यात बंदूक वाचवत बसलेला. मला खरंच कळेना की मी यात वेगळं काय करायला हवं होतं. बाकीचे चार जण कसे निघतील ते आपल्या हातात नाही हे मान्य, पण एकट्याच्या हातात जे काही असतं ते तरी नीट करायचंय. अटॅकला मॅच जिंकायची कशी ते सांगा.

धुरामागे

भावा आधी एक सांग, १३वा आणि १४वा राउंड कसा गेला? मला वाटतं मॅच तिथेच गेली असणार.

९-३ म्हटलं की डोक्यात बसतं की आपण पुढे आहोत, पण साइड बदलली की पैसे सगळ्यांचे परत ८०० वर येतात, बंदुका जातात, म्हणजे खिशाच्या हिशोबाने मॅच नव्याने सुरू होते. आता समजा तो पिस्तूल राउंड, म्हणजे हाफचा पहिला, ८०० वाला राउंड हरलात. हातात येतात १९००. टीम म्हणते आपण पुढेच आहोत, घ्या काहीतरी, आणि सगळे १६०० ची स्पेक्टर बंदूक आणि ४०० चं हलकं शील्ड घेतात, एखादा किल असेल तर तेवढे पुरतात. समोर पूर्ण शील्ड असतं, तोही राउंड जातो, मग २४०० मिळतात. २४०० मध्ये वँडल रायफलही येत नाही, ती २९०० ची, वर जाड शील्डचे १०००. म्हणजे तिसरा राउंडही जवळपास गेलाच. ९-३ चं ९-६ झालं आणि समोरच्यांच्या अंगात आता वारं शिरलेलं.

त्याऐवजी १४व्या राउंडला काहीच घेतलं नसतं तर १९०० आणि २४०० मिळून ४३०० झाले असते, पाचही जण १५व्याला वँडल-फँटम आणि पूर्ण शील्ड घेऊन उभे. एक राउंड मनाने सोडायचा आणि पुढचा समोरासमोर खेळायचा. दुकानाच्या स्क्रीनवरच दाखवतात की हा राउंड हरलात तर पुढच्या वेळी कमीत कमी किती असतील, तो आकडा ३९०० च्या खाली जात असेल तर मी हात आवरतो. आणि पाचातले तीन सेव्ह (पैसे वाचवणारे) आणि दोन फोर्स (कमी पैशातही घेणारे) हे सगळ्यात वाईट, त्यापेक्षा चुकीचं ठरवा पण पाचांचं एकच ठरवा. राउंड सुरू व्हायच्या आधी माइकवर फक्त 'हा सेव्ह, पुढचा फुल' एवढंच बोल, निम्मे लोक ऐकतात, खरंच ऐकतात, कारण कोणीच काही बोलत नसतं.

वाळूचा_किल्ला

@धुरामागे अगदी हेच झालं!! पिस्तूल हरलो, १४ ला मी आणि अजून दोघांनी स्पेक्टर घेतली, बाकी दोघांनी काही नाही. १५व्याला माझ्याकडे नुसती शेरीफ पिस्तूल होती. मी कधी हा हिशोबच केला नव्हता, मला वाटायचं पैसे आहेत तर वापरायचे.

मिड_सोडू_नका

पैशाचं बरोबर आहे पण त्याने तीन राउंड गेले, तुम्ही हरलात दहा. बाकीचे सात कुठे गेले?

जेट-रेनावाल्यांचं मी कायम बघतो, आणि हे रागाने नाही सांगत, मीही वर्षभर जेटच खेळलो. साइटवर (स्पाइक लावायची जागा, ए किंवा बी) एकटे घुसतात. असेंटचं बी घे. मेनमध्ये (साइटकडे जायची वाट) पाच जण उभे, ओमेनने (धूर टाकणारं पात्र) मार्केट आणि सीटी या डिफेन्सच्या वाटांवर धूर टाकला, हा धूर १५ सेकंद टिकतो, म्हणजे पहिल्या सेकंदापासून घड्याळ सुरू. जेट उडी मारून आत जाते, बोट हाऊसमधल्याने तिला मारलं. मागचा माणूस अजून मेनच्या तोंडाशी बंदूक रिलोड करतोय. चार सेकंदांनी तो डोकावतो, तोपर्यंत समोरचा जागा बदलून बसला, हाही मेला. मग तिसरा. पाच जणांची टीम असून प्रत्येक जण एकास एक लढला, आणि समोरचा आडोशाला आधीच नेम धरून बसलेला.

हेच दुसरा माणूस जेटच्या दोन पावलं मागे असता तर जेट मेली त्याच क्षणी मारणारा त्याला दिसला असता, त्याचा नेम अजून जेटवरच असतो. यालाच ट्रेड म्हणतात आणि माझ्या मते खालच्या रँकमध्ये मॅच जिंकायची सगळ्यात मोठी गोष्ट हीच आहे, एमपेक्षाही मोठी. एकाच्या बदल्यात एक गेला तर चार विरुद्ध चार, आणि साइट तुमची.

तुझ्या हातात काय, तर उडी मारायच्या आधी मिनीमॅप बघ. मागे कोणी नसेल तर थांब. १०० सेकंदांचा राउंड असतो, दहा सेकंद थांबल्याने काही बिघडत नाही. आणि मागे असशील तर पुढच्याला चिकटून राहा, तो कितीही वेडावाकडा गेला तरी, कारण तो एकटा मेला की तो राउंड तुझाही गेला. नाव मी मिडवरून घेतलंय ते उगाच नाही, असेंटला मिड (मॅपचा मधला भाग) घेतलं की कॅटवॉकवरून ए आणि मार्केटमधून बी दोन्हीकडे धोका तयार होतो, डिफेन्सला माणसं हलवता येत नाहीत. पण ते पुढचं, आधी ट्रेड.

फक्त_हेडशॉट

इतका विचार करायची गरज नाही असं मला वाटतं. वँडलची एक गोळी डोक्यात म्हणजे १६० डॅमेज, समोरच्याकडे पूर्ण शील्डसकट १५० असतात, विषय संपला. रोज अर्धा तास गेममधल्या सरावाच्या रेंजमध्ये जा, क्रॉसहेअर डोक्याच्या उंचीवर ठेवायची सवय लाव, रँक आपोआप वर जाईल. मी तसाच गेलो.

मिड_सोडू_नका

क्रॉसहेअरचं शंभर टक्के मान्य, ते तर पाहिजेच. पण त्याने स्वतःच लिहिलंय की सगळ्यात जास्त किल त्याचेच असतात आणि तरी हरतो. त्याचा अडसर एम नाहीये.

सायफरची_तार

मी सेंटिनल (मागे राहून साइट राखणारं पात्र) खेळते त्यामुळे मला हे मागून दिसतं, राउंडच्या शेवटी बहुतेक मीच जिवंत असते. माझ्या मते स्पाइक लावल्यानंतर लोक जे करतात तिथे सगळ्यात जास्त राउंड जातात, म्हणजे जिंकत आलेले राउंड, ते जास्त लागतात मनाला.

स्पाइक लावायला ४ सेकंद, फुटायला ४५ सेकंद, आणि डिफ्यूज (निकामी) करायला ७ सेकंद. साडेतीन सेकंद झाले की अर्धं डिफ्यूज जमा होतं, परत आलं की तिथूनच पुढे. आता विचार कर, स्पाइक लागल्यावर घाई कोणाला आहे? त्यांना. तुम्हाला नुसतं जिवंत राहून त्यांना ७ सेकंद मिळू द्यायचे नाहीयेत. आणि लोक काय करतात, तर स्पाइक लागला की बाहेर जाऊन किल शोधतात! तीन विरुद्ध दोन असताना एक जण सीटीत पळत जातो, मरतो, मग दुसरा त्याचा बदला घ्यायला जातो. मी ओरडून सांगते की अरे परत या, तोपर्यंत त्यांचे दोन विरुद्ध आमचा एक झालेलं असतं.

दोघंजण एकमेकांपासून लांब उभे राहा, एकाच कोपऱ्यात नको, म्हणजे डिफ्यूजला बसलेल्याला दोन्हीकडे बघावं लागतं. आणि स्पाइक कुठे लावायचा ते तुम्ही नंतर कुठे उभे राहणार त्यावरून ठरवायचं. असेंट बीला मेनमध्ये मागे जाऊन उभं राहायचं असेल तर मेनमधून दिसेल असाच लावा, आत आडोशाला लावला तर तुम्हालाच तिथे चालत जावं लागतं. डिफ्यूजचा आवाज आला की लगेच डोकावू नका, बरेचदा तो नुसतं बटण दाबून सोडतो आणि तुमची वाट बघतो. मनात दोन मोजा. तरी आवाज चालू असेल तर मात्र जायचंच, कारण साडेतीनच्या पुढे गेलं की अर्धं त्यांचं झालं.

अजून एक, अटॅकला सायफर (तोही सेंटिनल) असेल तर तिच्या नाही, त्याच्या तारा मागच्या वाटेवर लावून ठेवायला सांग. सायफर कितीही लांब गेला तरी तारा चालू राहतात, मागून कोणी आलं की कळतं. किलजॉय या दुसऱ्या सेंटिनलचा टरेट (आपोआप गोळ्या मारणारं यंत्र) ती लांब गेली की बंद पडतो, हा फरक लोकांच्या लक्षात नसतो आणि मग पाठीत गोळी खातात.

आणि माइकचं. मी बरेचदा माइक लावत नाही, का ते मुली खेळत असतील त्यांना सांगायला नको. पण पिंगने (मॅपवर खूण करून) खूप काही सांगता येतं, दिसला तिथे पिंग, स्पाइक दिसला तर पिंग, चॅटमध्ये 'बी ३' एवढं लिहिलं तरी पुरतं. त्यामुळे 'माझी टीम बोलतच नाही' म्हणण्याआधी त्यांचे पिंग बघतोस का तेही बघ.

धुरामागे

@सायफरची_तार पिंगचं फार बरोबर बोललात ताई. मी त्यात एवढंच घालीन की माइकवर बोलायचं ते छोटं बोला, जागा, किती जण, किती डॅमेज. 'मेन, एक, ऐंशी मारलेत' संपलं. 'अरे यार तो तिथे होता मी त्याला इतक्या मारल्या तरी' हे मेल्यावर दहा सेकंद चालू असतं आणि जो जिवंत आहे त्याला पावलांचे आवाज ऐकू येत नाहीत. एक विरुद्ध दोन चालू असताना मेलेल्या चौघांनी गप्प बसणं ही पण मदतच आहे. कोणी शिव्या देत असेल तर वाद न घालता म्यूट करायचं, वाद घालणारा आणि ज्याच्याशी घालतोय तो, दोघंही पुढचा राउंड अर्ध्या मनाने खेळतात.

वाळूचा_किल्ला

सगळ्यांचे मनापासून आभार, इतकं सविस्तर कोणी लिहील असं वाटलं नव्हतं. काल रात्री बसून गेमच्या करिअर पानावर त्या असेंटच्या मॅचची टाइमलाइन राउंड राउंड उघडून बघितली. दुसऱ्या हाफमध्ये मी १० वेळा मेलो, त्यातल्या ७ वेळा माझ्या आसपास आपलं कोणीच नव्हतं. सात!! मला वाटायचं टीम मागे येत नाही, पण खरं म्हणजे मीच त्यांना सोडून पुढे जात होतो. आणि दोन राउंड असे की स्पाइक लागलेला, आम्ही जास्त, आणि मीच बाहेर किल शोधायला गेलेलो. आठवडाभर हे करून बघतो आणि इथेच लिहितो.

वाळूचा_किल्ला

आठवडा झाला म्हणून लिहितोय. सगळ्या मॅच जिंकल्या असं नाही, ११ खेळलो, ६ जिंकलो. पण कालची सांगायलाच हवी.

बाइंड मॅप, पहिल्या हाफला डिफेन्सवर आम्ही ५-७ ने मागे. १३वा पिस्तूल हरलो आणि मी लगेच बोललो की १४ सेव्ह, १५ फुल. चौघांनी ऐकलं, पाचव्याने घेतलं तरी त्याला कोणी काही बोललं नाही. १५वा जिंकलो, १६वा पण. मग हळूहळू वर येत १२-११.

शेवटचा राउंड, बी. आमच्या ब्रिमस्टोनने एल्बो आणि सीटीला धूर टाकला, बीकडच्या दोन वाटांनी, दोघं हुक्यातून, आम्ही तिघं लाँगमधून. मी जेटवर होतो आणि नेहमीसारखं उडी मारायला बोट शिवशिवत होतं, पण हुक्यातले दोघं पोचले नव्हते म्हणून थांबलो. ते आले, आत गेलो, मी दुसऱ्याच क्षणी मरायला हवा होतो पण माझ्या मागच्याने त्याला उडवला. स्पाइक लाँगमधून दिसेल असा लावला. आमचे दोघं राहिले, त्यांचे पण दोघं. मी आणि ब्रिमस्टोन लाँगमध्ये मागे, एकमेकांपासून लांब. आवाज आला, मी म्हटलं थांब, बंद झाला. परत आवाज आला, मी मोजलं, एक, दोन, चालूच होता, तेव्हा ब्रिमस्टोनने स्पाइकवर आग टाकली, डिफ्यूज करणारा माणूस उठून बाहेर पळाला आणि माझ्या समोरच आला. दुसरा आला तेव्हा डिफ्यूजला सात सेकंदच उरले नव्हते. १३-११.

आता एक प्रश्न राहिला, हेवन मॅपला तीन साइट असतात तर तिथे अटॅकला पाचही जण एकत्र ठेवायचे की वाटायचे? तिथे माझं अजून काही जमत नाहीये.

मिड_सोडू_नका

वा, आग टाकायच्या आधी थांबलात हे बेस्ट केलंत. हेवनला तीन साइट म्हणजे डिफेन्सची माणसं आपोआप विरळ होतात, त्यामुळे आधी गॅरेज घ्या, तीन जण पुरेत, पण तिघं एकमेकांना ट्रेड देता येईल एवढे जवळ. गॅरेज हातात आलं की सी आणि बी दोन्हीकडे धोका होतो. एक जण ए लाँगला नुसता आवाज करत ठेवा, त्याने तिकडे किल करायची गरज नाही, तिथला माणूस हलू नये एवढंच बघायचं. पाचवा स्पाइक घेऊन गॅरेजच्या मागे. आज रात्री दोन मॅच खेळणार असशील तर सांग, मी ओमेन घेतो.