मराठी वाचनावर ईईजी प्रयोग: संदर्भग्रंथ कोणते?

मात्रावेलांटी: पुण्यात एमएच्या प्रबंधासाठी मराठी शब्दवाचनाचा ईईजी प्रयोग (डोक्यावर इलेक्ट्रोड लावून मेंदूच्या विद्युतलहरी टिपणारा) करायचा आहे. लिपी आणि पद्धत, दोन्हींसाठी भरवशाचे ग्रंथ सुचवा. शब्दांची लांबी कशी मोजायची?

सदाशिवपेठी: लिपीसाठी डॅनियल्स-ब्राइट संपादित 'द वर्ल्ड्स रायटिंग सिस्टम्स' (ऑक्सफर्ड, १९९६). देवनागरीवर स्वतंत्र प्रकरण आहे. मेंदूबद्दल मात्र त्यात शोधत बसू नका. पद्धतीसाठी स्टीव्हन लक यांचं ईआरपीवरचं (एखाद्या घटनेला मेंदू देतो तो विद्युत प्रतिसाद) पुस्तक, २०१४ची दुसरी आवृत्ती. फिल्टरचा भाग आधी वाचा. हाय-पास (ठरावीक मर्यादेखालच्या संथ लहरी गाळणारा फिल्टर) ०.१ हर्ट्झच्या आसपास ठेवा. १ हर्ट्झवर नेलात तर एन४००सारख्या (शब्दाच्या अर्थाशी निगडित, सुमारे ४०० मिलिसेकंदांनी येणाऱ्या) संथ लहरी दबतात आणि त्यांच्या आधी खोटे फरक उमटतात. किंमत बघता पुणे विद्यापीठाच्या जयकर ग्रंथालयाचा कॅटलॉग आधी चाळा.

लकडीपूल: लांबी संगणकाच्या मोजणीवर सोडू नका. 'क्षि' वाचणाऱ्याला एक अक्षर, युनिकोडमध्ये चार चिन्हं: क, हलन्त, ष, वेलांटी. अक्षरसंख्या, जोडाक्षरं आणि पिक्सेलमधली रुंदी असे वेगळे रकाने करा. एन१७० हा शब्द दिसल्यावर सुमारे १७० मिलिसेकंदांनी येणारा मेंदूचा प्रतिसाद दृश्य रूपाला हळवा असतो. रुंदी जुळली नाही तर फरक शब्दाचा की आकाराचा, सांगता येणार नाही. आणि शब्द चित्र म्हणूनच दाखवा. काही सॉफ्टवेअर जोडाक्षर फोडतात, वेलांटी भलतीकडे टाकतात.

मात्रावेलांटी: पडदा ६० हर्ट्झचा आहे, चालेल?

सदाशिवपेठी: चालेल. एक फ्रेम १६.७ मिलिसेकंदांची, तेव्हा शब्दाचा कालावधी तिच्या पटीत ठेवा. ट्रिगर (शब्द दाखवल्याची ईईजीत होणारी खूण) आणि पडद्यावर प्रत्यक्ष शब्द दिसणं यांतलं वेळेचं अंतर फोटोडायोड (उजेड टिपणारा सेन्सर) लावून मोजा.