मदत हवी आहे: राइसमन विरुद्ध किन्से, तटस्थ वाचन सुचवा

दिवाळी अंकासाठी अमेरिकन लेखिका जुडिथ राइसमन (१९३५–२०२१) यांच्यावर लेख लिहितोय. लैंगिकता-संशोधक आल्फ्रेड किन्से यांच्या विरोधात त्यांनी जवळजवळ सगळी कारकीर्द घातली. त्यांची १९९० आणि १९९८ ची पुस्तकं वाचून झाली. जेम्स जोन्स आणि गॅथॉर्न-हार्डी यांनी लिहिलेली किन्सेची चरित्रंही वाचली.

किन्सेच्या नमुना निवडीवरचे (म्हणजे मुलाखतींसाठी माणसं कशी निवडली यावरचे) आक्षेप मला नवे वाटत नाहीत. कॉक्रन, मोस्टेलर आणि ट्यूकी या संख्याशास्त्रज्ञांनी ते १९५४ मध्येच, तेही बरंच शांतपणे, मांडले होते. अडलंय ते पुरुषांच्या लैंगिकतेवरच्या किन्सेच्या १९४८ च्या अहवालातल्या तक्ता ३४ पाशी. लहान मुलांविषयीची ती माहिती एकाच अत्याचारी माणसाच्या नोंदींतून आली, असं किन्से इन्स्टिट्यूटचे संचालक जॉन बॅनक्रॉफ्ट यांनी नंतर सांगितलं. राइसमन यांचा आरोप याच्या पुढचा: असे अत्याचार किन्सेने घडवून आणले. संस्था हे साफ नाकारते. माझ्या मते राइसमन यांनी प्रश्न योग्य विचारला, उत्तर मात्र पुराव्याच्या फार पुढे नेलं. पण हे नुसत्या अंदाजावर छापता येणार नाही.

दोन्ही बाजूंची प्रचारकी पानं नकोत, ती ढिगाने सापडली. पैसे भरून वाचायची नियतकालिकं परवडत नाहीत, इंग्रजी चालेल. किन्सेचा मूळ पत्रव्यवहार स्वतः तपासून या एका आरोपाबद्दल लिहिणारा, दोन्ही छावण्यांबाहेरचा इतिहासकार कुणाला माहीत आहे का?