मदत हवी आहे - माचिस्तेचे मूकपट कुठे मिळतील?

मंडळी, बार्तोलोमेओ पगानोचे जुने इटालियन मूकपट कोणी बघितलेत का? हा माणूस जेनोआच्या गोदीत हमाल होता, दिग्दर्शक पास्त्रोनेने त्याला १९१४ च्या 'काबिरिया'त घेतला आणि माचिस्ते नावाच्या गुलामाचा रोल इतका गाजला की पुढे त्याच नावाने पिक्चरची रांगच लागली, १९१६ मध्ये तर थेट आल्प्समधला सैनिक! गंमत म्हणजे काबिरियात त्याला काळा रंग फासून आफ्रिकन केलेला आणि पुढच्याच वर्षी तोच माचिस्ते सरळ गोरा इटालियन, कुणाला काही वाटलं नाही बहुतेक.

मला १९२० नंतर त्याने जर्मनीत जाऊन केलेले पिक्चर हवेत. चांगली प्रिंट, इंग्लिश टायटल्स असलेली, कुठे मिळेल? पैसे भरायची तयारी आहे. आणि नरकातला माचिस्तेवाला पिक्चर आधी बघू की शेवटी?