मदत हवी आहे: ड्रॉप येतो, पण अंगावर काटा येत नाही

नमस्कार मंडळी,

सांगलीत राहतो. दिवसभर हार्डवेअरचं दुकान, रात्री दहानंतर हेडफोन. चार महिने एकाच इलेक्ट्रॉनिक ट्रॅकला चिकटलोय. ड्रॉप, म्हणजे ताण चढवत नेल्यावर (बिल्डअप) सगळा दणका एकदम येतो तो क्षण, काही जमत नाही, तेव्हा जाणकारांनी जरा कान टोचावेत.

भीमपलासी रागाचे सूर, १२० बीपीएम (मिनिटाला १२० ठोके), बेस षड्जावर (सा) धरलेला. तानपुरा मिरजेला सतारमेकर गल्लीत जाऊन रेकॉर्ड केला (२०२४ साली जीआय मानांकन मिळालं तेच हे तानपुरे). तिथे एक कारागीर जवारी लावत (तारेचा झंकार जुळवत) बसले होते. घोडीवर तारेखालचा दोरा त्यांनी केसभर सरकवला आणि तीच तार, तोच सूर, पण आवाज एकदम फुलला. मला ट्रॅकमध्ये नेमकं हेच हवंय. नवीन काही न आणता आहे तोच आवाज उघडत जायला हवा.

म्हणून पॅडवर (मागे सलग वाजणारा भरीव सूर) लो-पास फिल्टर लावला, जो कटऑफच्या वरचा आवाज दाबतो. बिल्डअप १६ बारचा (एक बार म्हणजे चार ठोके), म्हणजे ३२ सेकंद. कटऑफ ३०० हर्ट्झपासून ८००० पर्यंत सरळ रेषेत चढवला. किक-बेस चालूच. शेवटी स्नेअर रोल (ड्रमचा भरभर कडकडाट), मग ड्रॉप. आईला ऐकवलं तर म्हणाली, "सुरू कधी होणार?" ड्रॉप होऊन गेला होता!

चुकतंय कुठे? ('अमुक प्लगिन घ्या' असं कृपया सांगू नका, पैसे नाहीत.)

प्रतिसाद १

त्या सरळ रेषेनंच घात केलाय. कानाला हर्ट्झ कळत नाहीत, पट कळते. ३०० चे ६०० झाले की एक सप्तक, ४००० चे ८००० झाले तरी एकच. तुमचा कटऑफ पहिल्या ८ सेकंदांतच २२०० च्या पुढे जातो, म्हणजे जवळपास तीन सप्तकं तिथेच खर्च. उरलेल्या २४ सेकंदांत धड दोनही नाहीत. रेषा वक्र काढा, आधी रेंगाळणारी आणि शेवटी उसळणारी.

प्रतिसाद २

वरच्याशी सहमत, पण मोठं दुखणं बेसचं. खालचा दणका पहिल्यापासून देऊन बसलात, मग ड्रॉपला आणणार काय? शेवटच्या ४ बारमध्ये बेसचं १५० हर्ट्झखालचं कापा, अगदी शेवटच्या बारमध्ये किकही बंद. आणि भीमपलासीत मध्यम (म) वादी, म्हणजे रागातला मुख्य सूर आहे हो! बिल्डअपभर बेस तिथे थांबवा, ड्रॉपच्या पहिल्या ठोक्याला सा. तबलजी तिहाई घेऊन (एकच बोल तीनदा वाजवून) समेवर येतो तसं.

धागाकर्ता

दोघांचेही आभार. काल रात्री सगळं करून पाहिलं. पॅड आता शेवटच्या दहा सेकंदांत खरंच फुलतो. आईनं काही विचारलं नाही, पण पूर्ण ऐकलं.

एक नवीन भानगड मात्र झालीये. तानपुरा पंचमात (प) लावलेला आहे, त्यामुळे बेस मध्यमावर आला की पंचमाशी खटका उडतो. पुन्हा मिरजेला जाऊन मध्यमाचा रेकॉर्ड करू, की हा खटकाच बिल्डअपचा ताण म्हणून राहू देऊ?