घरी केलेलं हॉट चॉकलेट पाणचट होतंय, खाली गाळ आणि वर तेल, काय चुकतंय?

गोदाकाठ:
नमस्कार मंडळी. नाशिकला सध्या थंडी जोरात आहे आणि घरात दोन पोरं, एक माझा आणि एक जावेची, त्यामुळे रोज संध्याकाळी हॉट चॉकलेटची फर्माईश असते. पाकिटातली ड्रिंकिंग चॉकलेट पावडर मला आणायची नाहीये, कारण मागे घटक वाचले तर पहिलंच नाव साखरेचं. म्हणून सगळं घरीच करायचं ठरवलं. आत्तापर्यंत चार वेळा करून झालं आणि चारही वेळा मनासारखं जमलं नाही.

मी काय करते ते सांगते. दोन कप दूध (पिशवीचं टोन्ड) उकळायला ठेवते, उकळी आली की दोन मोठे चमचे कोको पावडर आणि साखर वरून टाकते आणि ढवळत बसते. गुठळ्या होतात, आणि त्या चमच्याने भांड्याच्या कडेला दाबून फोडल्या की आतून कोरडी पावडर निघते! गाळून घेतलं तर सगळी चव गाळणीतच राहते. आणि कपात ओतल्यावर पाच मिनिटांत तळाला गाळ. तिसऱ्या वेळी बेकरी सामानाच्या दुकानातून डार्क चॉकलेटची स्लॅब आणली, किसून घातली, तर प्यायल्यावर टाळूला मेण फासल्यासारखं वाटत होतं. चौथ्या वेळी तीच स्लॅब दुधाबरोबर खळखळ उकळली तर वर तेलाचे थेंब तरंगायला लागले.

मला हवंय ते दाट, चमच्याला धरून राहणारं. नुसतं प्रमाण नको, असं का होतं तेही सांगा ना कुणीतरी, म्हणजे पुढच्या वेळी माझं मलाच कळेल.

ओव्हनवाली:
ताई, तुमचं दूध, कोको, हात सगळं ठीक आहे, फक्त क्रम उलटा आहे. कोको पावडर दुधात विरघळतच नाही हे आधी लक्षात घ्या. साखर विरघळते, कोको नाही. ती म्हणजे कोकोच्या बियांचा बारीक दळलेला चोथा, चरबी बरीचशी काढून घेतलेला, आणि त्यात स्टार्च असतो. उकळत्या दुधात कोरडी पावडर पडली की गुठळीच्या बाहेरच्या बाजूचा स्टार्च लगेच फुगून चिकट होतो आणि आत दूध जायची वाटच बंद होते. म्हणून तुम्हाला आत कोरडी पावडर सापडते. पिठलं करताना बेसन थेट आधणात टाकलं तर जे होतं ना, अगदी तेच.

तर आधी पेस्ट करायची. जाड बुडाच्या पातेल्यात २ मोठे चमचे कोको, २ चमचे साखर आणि चिमूटभर मीठ कोरडंच मिसळून घ्या, साखरेचे दाणे कोकोचे कण सुटे करतात. मग कोमट दूध ३ चमचे, फक्त तीन. आधी घट्ट गोळा होईल, आणि बघून वाटेल बिघडलं, घाबरू नका, घोटत राहा. अजून दोन चमचे दूध घाला. साधारण मिनिटभरात ते एकदम सैल होतं, रंग गडद होतो आणि चमक येते, मऊ चक्क्यासारखं दिसतं. ही चमक दिसेपर्यंत पुढे जायचं नाही. मग पातेलं मंद आचेवर ठेवा आणि उरलेलं दूध थोडं थोडं, घोटत घोटत. शेवटी दोन-तीन मिनिटं मंद आचेवर उकळू द्या, म्हणजे कोकोमधला स्टार्च शिजतो आणि कच्चट चव जाते.

दूध मात्र फुल क्रीम घ्या. टोन्डमध्ये ३ टक्के फॅट, फुल क्रीममध्ये ६, फरक पहिल्या घोटालाच कळतो. म्हशीचं मिळत असेल तर प्रश्नच मिटला.

आता स्लॅबचं. तुम्ही आणली ती बहुतेक कंपाउंड असणार. त्यात कोको बटरऐवजी दुसरी वनस्पती चरबी असते, केकवर ओतायला ती सोपी पडते म्हणून बेकरीवाले वापरतात, पण प्यायला अजिबात नको. कोको बटर तोंडातल्या उबेने पूर्ण वितळतं, ही चरबी तशी वितळत नाही म्हणून टाळूला मेण लागतं. लेबलवर हायड्रोजनेटेड किंवा पाम वाचलंत की खाली ठेवून द्या. ५५ टक्के कोको असलेलं साधं खायचं डार्क चॉकलेट दुकानात सहज मिळतं, ते घ्या. २ कपांना ६० ग्रॅम, बारीक चिरून. आणि हो, ५५ टक्के म्हणजे उरलेल्यात जवळजवळ सगळी साखरच, त्यामुळे चॉकलेट घालणार असाल तर वरची साखर निम्मी करा.

चॉकलेट शेवटी घालायचं, गॅस बंद करून. एक मिनिट नुसतं झाकून ठेवा, मग मधून बाहेर असं गोल गोल घोटा. खळखळ उकळत्या दुधात टाकलं की चरबी सुटून वर येते. तुमचे तेलाचे थेंब तिथून आलेत.

जायफळ_किंचित:
वरच्या ताईंनी सगळं नेमकं सांगितलंय. फक्त एक, आमच्याकडे आजीच्या कॉफीत जायफळ असायचंच, तेच मी हॉट चॉकलेटमध्ये घालते. सहाणेवर दोन वेढे उगाळून, जास्त नको, नाहीतर चॉकलेट मागे पडतं. वेलची नका घालू, लगेच मिठाईसारखं लागतं, हे माझं मत.

माद्रिदहून:
मी मूळचा कोल्हापूरचा, गेली ६ वर्षं माद्रिदला आहे. तुम्ही म्हणताय तसं चमच्याला धरून राहणारं हवं असेल तर इथली पद्धत बघा. इथे चॉकलेट पितात म्हणण्यापेक्षा चुरोस बुडवून खातात. चुरोस म्हणजे मैद्याचे तळलेले लांब कुरकुरीत कानोले समजा, पण आत सारण नाही. सान खिनेस नावाचं जुनं दुकान आहे, १८९४ पासून चालू, तिथे पहाटेसुद्धा गर्दी असते, रात्रभर जागून आलेली पोरं आणि शेजारच्या टेबलावर सत्तरीतल्या आजीबाई, सगळ्यांपुढे तोच पांढरा कप. त्या कपात चुरो उभा केला तर हळूहळू कलतो, पटकन पडत नाही, इतकं ते दाट.

गुपित म्हणाल तर त्यात स्टार्च असतो. इथे दुकानात पिण्याच्या चॉकलेटची वेगळी वडी मिळते, तिच्यात पीठ आधीच घातलेलं असतं आणि म्हणून ते एक उकळी आणूनच करायचं. आपल्याकडे तशी वडी नसली तरी कॉर्नफ्लोर आहेच. २ कप दुधाला सपाट १ चमचा पुरतो, पण थंड दुधात कालवून घालायचा आणि घातल्यावर दीड-दोन मिनिटं उकळायचाच, नाहीतर पिठूळ लागतं. नंतर गॅस बंद, मग चॉकलेट. ओव्हनवाली ताईंनी सांगितलेला क्रम मोडू नका, उकळायचा तो स्टार्च, चॉकलेट नाही.

अजून एक. फेसासाठी इलेक्ट्रिक फ्रॉदर वगैरे काही घेऊ नका, घरात रवी असेल ना? मेक्सिकोत चॉकलेट घुसळायला लाकडी मोलिनियो वापरतात, खाली कोरीव गड्डा आणि लांब दांडा, आणि दोन तळव्यांमध्ये धरून फिरवायचा. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला आईची ताकाची रवीच आठवली. उंच भांड्यात चॉकलेट घ्या, रवी बुडवून अर्धा मिनिट घुसळा, वर असा बारीक फेस येतो की कप रिकामा होईपर्यंत बसत नाही. दोरी लावून घुसळायची नाही, छोटी हातरवीच घ्यायची.

गोदाकाठ:
अरे वा, केवढं लिहिलंत सगळ्यांनी, मनापासून आभार. स्लॅबचं लेबल आत्ता बघितलं, दुसराच शब्द हायड्रोजनेटेड! माझ्या कधी डोक्यातच आलं नाही की चॉकलेट म्हणून विकलं जातं त्यात कोको बटर नसेल. उद्या ५५ टक्केवालं आणते. कॉर्नफ्लोर घालायचं का नुसतं चॉकलेट वाढवायचं यात मन अडकलंय, पोरांच्या पोटाला काय बरं?

सुपारीबाग:
मी थोडं वेगळं सांगते. आमचं घर कर्नाटकातल्या कारकळच्या बाजूला, घरी चित्पावनी बोलतो, सुपारीच्या बागेत मधे मधे कोकोची झाडं आहेत. आमच्या भागात हे बऱ्याच जणांकडे आहे, पुत्तूरला कॅम्पकोचा (सुपारी-कोको बागायतदारांची सहकारी संस्था) चॉकलेट कारखाना १९८६ पासून चालतोय, ओल्या बिया तिकडे जातात. थोड्या आम्ही घरासाठी ठेवतो. तुम्ही सगळं घरीच करायचं म्हणालात म्हणून सांगावंसं वाटलं, कारण आमच्याकडे सुरुवातच फळापासून!

फळ फोडलं की आत पांढऱ्या गरात बिया असतात, गर आंबटगोड, लहानपणी आम्ही बिया चोखून थुंकायचो. त्या गरासकट बिया टोपलीत भरून केळीच्या पानांनी झाकतात, पाच-सहा दिवस, मधे एक-दोनदा वरखाली करून. आतून चांगलीच ऊब येते आणि शिरक्यासारखा वास सुटतो. हे आंबवणं झालं नाही तर पुढे कितीही भाजा, चॉकलेटची चव येतच नाही, नुसती कडू-तुरट बी राहते. मग उन्हात खडखडीत वाळवायच्या.

वाळलेल्या बिया ऑनलाइनही मिळतात, तिथून पुढचं नाशिकला बसून करता येईल. लोखंडी कढईत मंद आचेवर शेंगदाण्यासारख्या भाजा, अर्धा तास लागतो, टरफलं तडतडायला लागली आणि घरभर केक भाजल्यासारखा वास सुटला की उतरवा. गार झाल्यावर हाताने चुरडायच्या आणि सुपात घेऊन पाखडायच्या. टरफल उडून जातं, तुकडे राहतात. १०० ग्रॅम बियांचे साधारण ८० ग्रॅम तुकडे मिळतात.

मग मिक्सर. आधी कॉफीसारखी भरड होते, नंतर भांड्याच्या कडेला चिकटायला लागते, आणि मग एका क्षणी सगळं ओलं होतं आणि सैल वाहायला लागतं, पाण्याचा थेंबही न घालता! कारण त्यात निम्मी चरबीच असते, मिक्सरच्या उष्णतेने ती वितळते. हे बघायला माझी भाची स्टूल ओढून ओट्याशी उभी राहते. मिक्सर मात्र थांबत थांबत चालवा, गरम होतो. आमच्याकडे इडलीचा वेट ग्राइंडर आहे, त्यात रात्रभर फिरवलं तर अगदी मऊ होतं. जगभरातले छोटे चॉकलेटवाले कोइम्बतूरचे हेच दगडी ग्राइंडर वापरतात, आमच्या घरी ते डोशासाठी आले आणि चॉकलेटही करून देतात. प्यायला थोडं रवाळ राहिलं तरी चालतं.

ही पेस्ट थापून वड्या पाडा. दोन कपांना ३० ग्रॅमची वडी, साखर तुमच्या चवीने. यात कॉर्नफ्लोर लागतच नाही, कोको बटर सगळं आतच असतं. गूळ घालायचा असेल तर दूध गॅसवरून उतरवून जरा निवल्यावर, नाहीतर फाटतं. आम्ही गूळच घालतो.

ओव्हनवाली:
सुपारीबाग ताई, वाचूनच वास आला. बिया मागवते आहे.

गोदाकाठ, पोटाचं म्हणाल तर चमचाभर कॉर्नफ्लोरने काही होत नाही, पण मला स्वतःला चॉकलेट वाढवलेलं जास्त आवडतं. स्टार्चने दाटपणा येतो पण चव थोडी मंद होते. रोजच्याला कॉर्नफ्लोर, रविवारी चॉकलेट जास्त, असं करा. आणि पोरांना रात्री झोपायच्या आधी डार्क नका देऊ, कॅफिन असतं त्यात. घरात कुत्रा असेल तर पातेलं चाटायला अजिबात देऊ नका, चॉकलेट त्यांना विषारी असतं.

गोदाकाठ:
आज केलं! पेस्ट घट्ट झाली तेव्हा खरंच वाटलं गेलं हे पण, पण दोन चमचे दूध घातलं आणि चमक आली, तुम्ही लिहिलंत अगदी तशी. कॉर्नफ्लोर घातलं नाही, चॉकलेट ८० ग्रॅम घातलं. चमच्याच्या पाठीवर बोटाने रेघ ओढली ती तशीच राहिली. सासूबाई चहाशिवाय काही घेत नाहीत, त्यांनी अर्धी वाटी मागून घेतली, जायफळ घातलेलं त्यांना लगेच ओळखू आलं. गाळ जवळजवळ नाही, फेस माजघरातल्या जुन्या रवीने काढला. एकच शंका, वाटीभर उरलंय आणि फ्रीजमध्ये ते घट्ट खिरीसारखं झालंय, बिघडलं का?

माद्रिदहून:
नाही हो, कोको बटर गार झाल्यावर आळणारच. दोन चमचे दूध घालून अगदी मंद आचेवर ढवळत गरम करा, उकळू नका, परत सैल होईल. दोन दिवसांत संपवा. नाहीतर गरम न करता तसंच चमच्याने खा, पोरांना तेच जास्त आवडेल बघा.