अर्कचित्रं आणि इलस्ट्रेशन, दोन्ही धरून करिअर होतं का?

रेघोटी:
मुलांच्या पुस्तकांसाठी इलस्ट्रेशन करतेय, अधूनमधून मुखपृष्ठंही, पण खरा जीव रमतो तो अर्कचित्रांत, म्हणजे कॅरिकेचरमध्ये. आता सगळे म्हणतात एक काहीतरी धर, पोर्टफोलिओत दोन्ही दिसलं की एडिटर गोंधळतात. आणि दुसरं म्हणजे माझी अर्कचित्रं ओळखू येतात पण त्यात दम वाटत नाही, नाक मोठं केलं, हनुवटी ओढली, पुढे काय? मोकळेपणाने सांगा.

शाईचा_डाग:
आधी दमाचं बोलतो. नाकाच्या साइजपेक्षा चेहऱ्यातली अंतरं बघा, दोन डोळ्यांमधलं, नाक आणि वरच्या ओठामधलं, कपाळ किती नि जबडा किती. चारचौघांपेक्षा जे वेगळं आहे तेवढंच ताणायचं, बाकीचं आकसू द्यायचं, सगळंच ताणलं की माणूस हरवतो. एकाच फोटोवरून तर अजिबात काढू नका, जवळून काढलेल्या फोटोत नाक आधीच फुगलेलं असतं आणि आपण तेच वाढवत बसतो. एकोणिसाव्या शतकातला फ्रेंच व्यंगचित्रकार दोमिए लिथोग्राफ (दगडावर काढून छापलेली चित्रं) करायचा पण त्यासाठी त्याने फ्रेंच राजकारण्यांची मातीची डोकी घडवली होती, ३६ डोकी पॅरिसच्या ओर्से म्युझियममध्ये आहेत, त्यांचे फोटो शोधून बघाच.

पण चेहरा जमला तरी काम अर्धंच झालं, चित्राला म्हणणं हवं. अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी १९६५ मध्ये शर्ट वर करून पत्रकारांना ऑपरेशनचा व्रण दाखवला. अमेरिकन अर्कचित्रकार डेव्हिड लेव्हाइनने पुढच्या वर्षी तेच काढलं, फक्त व्रणाला व्हिएतनामच्या नकाशाचा आकार दिला. युद्धाबद्दल वेगळं काही लिहायची गरजच उरली नाही! आणि हाच लेव्हाइन आयुष्यभर समुद्रकिनाऱ्याची, माणसांची जलरंगातली चित्रंही करत होता, त्यामुळे एकच धरा हे मला पटत नाही.

कोरा_कागद:
+१. दोन्ही करा, पण पोर्टफोलिओ दोन ठेवा. मुलांच्या पुस्तकाचा एडिटर बघतो की तेच पात्र पानापानावर तेच दिसतंय का, मासिकवाला बघतो की लेख वाचून याला एका दिवसात कल्पना सुचते का.

आणि पैशाचं आधीच लेखी करून घ्या, प्लीज. थोडा अ‍ॅडव्हान्स, बदल फक्त रफवर (कच्च्या स्केचवर) आणि तेही दोनदाच, फायनल रंगवल्यावर बदल सांगितले तर जादा पैसे, काम मध्येच रद्द झालं तर झालेल्या कामाचे मिळणार. चित्र कुठे आणि किती काळ वापरणार तेही लिहून घ्या, पुस्तकासाठी दिलेलं चित्र उद्या बॅगेवर छापायचं असेल तर त्याचे वेगळे पैसे लागतात, आणि कॉपीराइट सरसकट देऊन टाकू नका. कार्यक्रमात बसून लाइव्ह अर्कचित्रं काढायची असतील तर तासावर रेट ठरवा, डोक्यावर नाही, नाहीतर रांग संपतच नाही.

रेघोटी:
रफवरच बदल हे मी कधी लिहूनच घेत नव्हते, आजच नवीन कामाच्या मेलमध्ये टाकते. @शाईचा_डाग, मातीत आधी अख्खं डोकं करू की नुसतं प्रोफाइल, म्हणजे एका बाजूने दिसणारा चेहरा?

शाईचा_डाग:
अख्खं. मुठीएवढं पुरे, आणि दिवा एका बाजूने लावून फिरवत फिरवत स्केच करा.