अपिलात तडजोड करायची आहे, मदत हवी आहे

मंडळी, वाटपाच्या दाव्याचं आमचं अपील जिल्हा न्यायालयात आहे. परवा चुलतभाऊ स्वतःहून चहाला आला, म्हणाला, "दादा, पुरे आता." वहीच्या पाठकोऱ्या कागदावर आम्ही बांधाची रेघसुद्धा मारली!

वकील म्हणतात, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23 नियम 3 खाली तडजोड पुरसीस (तडजोड झाल्याचं कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) देऊ. सगळ्यांच्या सह्या हव्यात. आत्याही पक्षकार आहे, ती पुण्यात, गुडघ्यांमुळे येऊ शकत नाही. तिच्या मुलाच्या नावे मुखत्यारपत्र चालेल का?

दुसरं, विहिरीचा तुकडा मूळ दाव्यात नव्हता, पण तडजोडीत घेतोय. दाव्याबाहेरची मिळकत आली की हुकूमनामा (कोर्टाचा निकालाचा आदेश) निबंधक कार्यालयात नोंदवावा लागतो म्हणे. ज्यांनी असं केलंय, त्यांना मुद्रांक शुल्क किती बसलं? लोकअदालतीत मिटवल्यास कोर्ट फी परत मिळते, तो अनुभवही सांगा. पुढची तारीख जवळच आहे.